जिरायतातली पाखरे

अहिल्यानगर जिल्हा क्षेत्रफळाने राज्यात सर्वांत मोठा, १७,०४८ चौरस किलोमीटरचा. पश्चिमेला अकोले तालुक्यात घाटघर-रतनवाडीच्या बाजूला पाऊस हजारो मिलिमीटरमध्ये मोजतात. पूर्वेला आणि दक्षिणेला, पाथर्डी-जामखेड-कर्जतच्या पट्ट्यात, तो पाचशे-साडेपाचशेच्या आसपास पडतो, आणि त्याचाही भरवसा नसतो. या दोन टोकांच्या मधे माणसाने तिसरी गोष्ट आणली, ती म्हणजे पाटाचे पाणी. भंडारदरा, मुळा, निळवंडे ही धरणे जिल्ह्यातली. गोदावरीचे कालवे नांदूर मधमेश्वरहून कोपरगाव-राहात्याकडे येतात, कुकडीचा डावा कालवा जुन्नरकडून पारनेर, श्रीगोंदा, कर्जत करत करमाळ्यापर्यंत जातो. पाट जिथे पोचला तिथले पीक बदलले, आणि पीक बदलले तिथली पाखरे बदलली. नगरच्या शेतीबद्दल मराठीत ढिगाने लिहिले गेले आहे. सहकार, साखर, दूध, दुष्काळ, पाणलोट, सगळ्यावर लिहिले गेले. त्याच जमिनीवर जगणाऱ्या रानपाखरांचा हिशेब मात्र शेतीच्या पुस्तकात येत नाही, आणि पक्ष्यांच्या पुस्तकात शेतकरी येत नाही. पुढची पाने वाचण्याआधी हे दोन हिशेब एकत्र मांडून ठेवावेत, म्हणून ही प्रस्तावना.

माझे म्हणणे थोडक्यात सांगतो. या जिल्ह्याच्या उघड्या माळावरची पाखरे आजवर टिकली ती कोरडवाहू शेतकऱ्याच्या आणि मेंढपाळाच्या रानात टिकली, वनखात्याच्या कुंपणाआड नव्हे. ती राखायची असतील तर त्या शेतकऱ्याला जिरायतात राहणे परवडले पाहिजे. बाकीचे सगळे या एका गोष्टीवर अवलंबून आहे.

आधी जिरायत रान पाखराच्या नजरेने पाहू. भारी काळ्या जमिनीत रब्बीची ज्वारी घ्यायची तर ते रान खरिपात मोकळे राहते. पावसाळाभर त्यात कुळवाच्या पाळ्या पडतात, मधल्या उघडिपीत तण उगवते, पुन्हा मोडले जाते. सप्टेंबर-ऑक्टोबरात पेरणी, फेब्रुवारी-मार्चमध्ये काढणी. हलक्या रानात बाजरी, तिच्यात तूर, मटकी, हुलगा. कुठे करडई, कुठे हरभरा. दोन रानांच्या मधे बांध, बांधावर बोर, हिवर, बाभूळ, निंब, आणि बांधाच्या उतारावर मारवेल-कुसळीचे गवत. शेजारी गायरान, त्यापलीकडे मुरमाड माळ. एका मैलात इतक्या तऱ्हा असल्या की एवढ्याच तऱ्हांची पाखरे तिथे बसतात. डोंबारी चंडोल ढेकळांच्या आडोशाला जमिनीवर घरटे करतो. माळटिटवी खडकाळ जागी उघड्यावर अंडी घालते. धाविकाला आखूड गवत लागते, लाव्याला दाट. पखुर्डी माळावरच्या बिया टिपते आणि ठरल्या वेळी पाण्यावर येते. तित्तिराला काटेरी झुडूप हवे. कोतवाल, नीलपंख, वेडा राघू कुठल्या तरी उंच टोकावरून किड्यांवर झेप घेतात आणि ते टोक बहुधा बांधावरच्या बाभळीचे असते. सुगरण विहिरीवर लोंबणाऱ्या फांदीला घरटे विणते आणि पिलांना अळ्या-किडे भरवते. दाणे खाणाऱ्या बहुतेक पाखरांनाही पिले वाढवताना किडा लागतोच, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

ज्वारीच्या रानातली राखण हा या नात्याचा सर्वांत जुना भाग. कणसात चीक भरला की पहाटेपासून माळ्यावर उभे राहायचे, गोफण फिरवायची, पत्र्याचा डबा बडवायचा, आरोळ्या द्यायच्या. हे काम बाया आणि पोरे करत. भोरड्यांचे थवे मध्य आशियातून ऑगस्टपासूनच येऊ लागतात आणि पीक दाण्यावर आले की ढगासारखे उतरतात. शेतकऱ्याचे नुकसान खरे असते. शहरात बसून त्याला ‘पाखरांचा वाटा सोड’ म्हणून सांगणे मला पटत नाही. ज्याच्याकडे दोन एकर ज्वारी आहे त्याच्या घरचे वर्षाचे पीठ त्या कणसात असते. पण याच भोरड्या टोळ आणि नाकतोडे प्रचंड संख्येने खातात. चीनच्या शिनजियांग प्रांतात गवताळ प्रदेशातले टोळ आटोक्यात ठेवावेत म्हणून सरकार भोरड्यांना विणीसाठी दगडांचे ढीग आणि कृत्रिम घरटी बांधून देते. आपल्याकडे हा हिशेब शतकापूर्वीच मांडायला सुरुवात झाली होती. १९१२ मध्ये मेसन आणि मॅक्सवेल-लेफ्रॉय यांनी सरकारी कृषी खात्यातर्फे भारतीय पाखरांच्या आहारावर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. पाखरांची पोटे तपासून कोणते पाखरू किती दाणा खाते आणि किती किडा, याची नोंद त्यात आहे. शेतीखात्याचे कीटकशास्त्रज्ञ पाखरांकडे शेतीतला घटक म्हणून पाहत होते. पुढे फवारणीचा पंप आला आणि ते काम मागे पडले. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठापासून हाकेच्या अंतरावर पाट, ऊस, फळबाग आणि जिरायत असे सगळे प्रकार आहेत. ते जुने काम नव्या पिकांवर करायला याहून चांगली जागा मिळणार नाही, असे मला वाटते.

ज्वारी कमी का झाली? पाखरांमुळे नव्हे, जरी राखणीला माणूस मिळत नाही हेही एक कारण शेतकरी सांगतात. पोरे शाळेत गेली, ते चांगलेच झाले. ज्वारी उपटून काढायला मजूर मिळेना. रेशनवर गहू-तांदूळ आला, भाकरीची जागा चपातीने घेतली. भावात ज्वारी मागे राहिली. टिकून राहिली ती बरीचशी कडब्यासाठी, आणि दुधाच्या धंद्यात मका, नेपियर आणि मुरघास आल्यावर कडब्याचीही गरज आटली. संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचे वर्ष म्हणून साजरे केले. त्या वर्षी ज्वारीच्या पौष्टिकपणावर बरीच भाषणे झाली. ज्वारीचे रान म्हणजे पाखरांचे रान, हा मुद्दा त्यांत मला कुठे ऐकू आला नाही.

आता पाटाकडे. भंडारदऱ्याचे धरण १९२६ मध्ये पुरे झाले आणि प्रवरेच्या कालव्यांनी संगमनेर, राहुरी, श्रीरामपूरच्या रानाचे रूप पालटले. लोणीजवळ विठ्ठलराव विखे पाटलांनी, धनंजयराव गाडगीळांच्या साथीने, सहकारी साखर कारखाना उभारला. १९५० पासून तिथे गाळप होऊ लागले. या कारखान्याने लहान शेतकऱ्याला सावकाराच्या आणि व्यापाऱ्याच्या तावडीतून काढले. तो इतिहास मोठा आहे आणि त्याला मी कमी लेखत नाही. ज्या घरात दोन वेळा चूल पेटत नव्हती तिथे शाळा, दवाखाना, पक्के घर आले ते उसाच्या पैशातून. पण पाखरांच्या दृष्टीने ऊस हे वर्ष-दीड वर्ष एकाच उंचीचे, एकाच जातीचे, दाट रान. त्यात वटवट्या, मुनिया, भारद्वाज यांचे भागते. रात्री थव्याने वस्तीला येणाऱ्या पाखरांनाही तो आडोसा चालतो. चंडोल, पखुर्डी, धाविक, माळटिटवी यांना त्यात पाय ठेवायला जागा नाही. तरी उसात काहीच जगत नाही असे म्हणणे चुकीचे ठरते. जगणाऱ्यांची यादी बदलते, इतकेच. याचा ठळक दाखला बिबट्याचा. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अकोले तालुक्याच्या शेतीभागात कॅमेरे लावून केलेला अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. जंगल नसलेल्या, दाट मानवी वस्तीच्या त्या खोऱ्यात दर शंभर चौरस किलोमीटरला पाचेक बिबटे राहत होते. उसाने माळावरच्या पाखरांना बाहेर काढले आणि बिबट्याला घर दिले. शेतकऱ्याला रात्री-अपरात्री थ्रीफेज वीज येईल तेव्हा पाणी भरायला त्याच उसात जावे लागते, हा त्या गोष्टीचा दुसरा आणि कठीण भाग.

माळढोकाची कथा या विषयात सर्वांत बोलकी आहे, म्हणून तिच्यावर थोडे थांबतो. मोठा नर दहा-बारा किलोपर्यंत भरणारा, जगातल्या उडू शकणाऱ्या सर्वांत जड पक्ष्यांपैकी हा एक. मादी बहुधा एकच अंडे घालते, तेही उघड्या जमिनीवर, पावसाच्या सुमारास. त्याला एकाच प्रकारचे रान पुरत नाही. नाचासाठी आखूड गवताची उघडी उंच जागा, अंड्यासाठी जरा दाट गवत, आणि चरायला भुईमूग, हरभरा, ज्वारीची शेते. टोळ, भुंगेरे, सरडे, बोरे आणि शेतातला दाणा हा त्याचा आहार. म्हणजे माळ आणि जिरायत शेत यांच्या शिवेवरचा हा पक्षी. सोलापूरजवळ नान्नजला अवर्षणप्रवण क्षेत्र कार्यक्रमातून काही जमिनी गवतासाठी राखल्या गेल्या, आणि तिथे माळढोक असल्याचे पक्षिनिरीक्षक बी. एस. कुलकर्णींनी सत्तरच्या दशकात लोकांपुढे आणले. १९७९ मध्ये माळढोक अभयारण्य जाहीर झाले, ८,४९६ चौरस किलोमीटरचे, सोलापूर आणि नगर या दोन जिल्ह्यांत पसरलेले. आपल्याकडचे कर्जत-श्रीगोंद्याचे रान त्यात आले. हा आकडा नीट पाहावा: अख्ख्या नगर जिल्ह्याच्या क्षेत्रफळाच्या निम्म्याइतके अभयारण्य. त्यात गावे, बाजारपेठा, रस्ते, कारखाने आणि लाखो लोकांची खासगी शेते होती.

नकाशावर रेघ ओढताना हेतू चांगला होता. पण अभयारण्याचा कायदा जंगलासाठी घडलेला. तो खासगी शेतावर पडला तेव्हा जमिनीचे व्यवहार, बिगरशेती परवानग्या, लहानसहान बांधकामे अडू लागली. शेतकऱ्याला माळढोकाचे नाव कळले ते तलाठ्याच्या कचेरीत अडलेल्या कागदातून. ज्या पक्ष्याने पिढ्यानपिढ्या त्याच्या हरभऱ्यात चारा टिपला, तो आता त्याच्या मुलीच्या लग्नाला जमीन विकू देईना. एखाद्या जातीबद्दल लोकांच्या मनात राग पेरण्याचा याहून खात्रीचा मार्ग दुसरा नसेल. आणि गंमत नव्हे, खेदाची गोष्ट अशी की या कायद्याने जे थांबवायला हवे होते ते थांबलेच नाही. शेताचा मालक ज्वारी मोडून ऊस लावू शकत होता, माळ नांगरू शकत होता, बोअर घेऊ शकत होता, कारण पीक काय घ्यावे यावर अभयारण्याचा अंमल नव्हता. कुकडीचे आवर्तन श्रीगोंदा-कर्जतला पोचले तसा माळावर ऊस, लिंबू आणि कांदा आला. माळढोकाची जागा गेली ती दाखल्यांच्या कचेरीत कुणाच्या ध्यानीमनी नसताना, सरकारनेच आणलेल्या पाण्याने. एका खात्याने पक्ष्यासाठी रान राखले आणि दुसऱ्याने त्याच रानात पाट खोदला. दोघांच्या फायली कधी एका टेबलावर आल्या नाहीत. पुढे तीसेक वर्षांनी अभयारण्याचे क्षेत्र १,२२२ चौरस किलोमीटरवर आणले गेले. तोवर पक्षी जवळजवळ संपला होता. आज नान्नजच्या माळावर माळढोक दिसला तर ती बातमी होते, आणि देशभरात दीडशेच्या आत राहिलेल्यांपैकी बहुतेक राजस्थानच्या वाळवंटात आहेत. तिथेही वीजवाहिन्यांनी त्यांचा पिच्छा पुरवला आहे. जैसलमेर भागातल्या केंद्रांवर आता अंडी उबवून पिले वाढवली जातात. ती पिले उद्या सोडायची ठरली, तर दख्खनमध्ये त्यांना सोडण्याजोगे रान उरले आहे का, हा आपला प्रश्न आहे.

माळढोकापेक्षा लहान असलेला त्याचा भाऊबंद तणमोर. पावसाळ्यात विणीला येणारा, गवतातून उभी उडी मारून मादीला बोलावणारा. राजस्थानात अजमेर परिसरात उपग्रहाशी जोडलेले यंत्र लावलेला एक तणमोर २०२० मध्ये हजारभर किलोमीटरचा प्रवास करून नगर जिल्ह्यात पोचल्याचे नोंदले गेले. म्हणजे वाट अजून मोडलेली नाही. अकोला-वाशिम भागात तणमोर सोयाबीन आणि कापसाच्या शेतांजवळच्या गवतात वीण करतो, आणि तिथे फासेपारधी समाजातली माणसे त्याची राखण करतात. पिढ्यानपिढ्या फास लावून पाखरे धरणाऱ्या या लोकांइतके पाखराच्या चालीचे ज्ञान कुणाला नसते. नगरच्या दक्षिण भागातही हा समाज राहतो. त्याला गुन्हेगार म्हणून हिणवण्यात शंभर-दीडशे वर्षे गेली. त्याच्या हाताला राखणीचा पगारी रोजगार देणे हे पाखरांच्या आणि न्यायाच्या दोन्ही बाजूंनी योग्य ठरेल. मध्य प्रदेशात सैलानाला तर शेतात तणमोर दिसल्याची खबर देणाऱ्या आणि तो राखणाऱ्या शेतकऱ्याला बक्षीस देण्याची पद्धत पडली. रक्कम मोठी नव्हती, पण शेतकऱ्याला कागदावरच्या बंदीऐवजी हातात पैसा मिळाला.

विषाचा भाग थोडक्यात. गिधाडांचा नाश हा शेतीच्याच एका अंगाने, पशुपालनातून झाला. डायक्लोफेनॅक हे वेदनाशामक दिलेले जनावर मेले आणि गिधाडांनी खाल्ले की त्यांची मूत्रपिंडे निकामी होतात, हे २००४ मध्ये सिद्ध झाले. भारतात २००६ मध्ये जनावरांसाठी ते औषध बंद केले, पण तोवर पांढऱ्या पाठीची गिधाडे हजारात एखादे उरली होती. औषध देणाऱ्या शेतकऱ्याचा यात काही दोष नव्हता. त्याला दुखणाऱ्या गाईला आराम द्यायचा होता. धडा एवढाच की गोठ्यातला एक निर्णय आकाशापर्यंत पोचतो. फवारणीचे तसे एका झटक्यात दिसत नाही. डाळिंब, द्राक्ष, टोमॅटो, कांदा यांवर आठवड्याला फवारे पडतात, बियाण्याला आधीच औषध चोळून येते, आणि किडाच नाही म्हटल्यावर चंडोलाची पिले काय खाणार? युरोपात २८ देशांतल्या नोंदी एकत्र करून २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात शेतातल्या पाखरांची संख्या ३७ वर्षांत निम्म्याहून अधिक घटल्याचे आढळले, आणि सर्वांत मोठे कारण म्हणून खते-औषधांवर उभी असलेली सघन शेती पुढे आली. त्याच वर्षीच्या ‘स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स’ अहवालात, ज्या ३३८ जातींचा दीर्घकाळचा कल सांगता आला त्यांतल्या ६० टक्के जाती घटल्या आहेत, आणि गवताळ माळावरच्या जातींची घट सर्वांत जास्त असलेल्यांत आहे. मोर मात्र वाढला आहे. म्हणून गावात मोर दिसतात एवढ्यावर रान ठीक आहे असे समजू नये.

शास्त्रज्ञांमध्ये या विषयावर एक मोठा वाद आहे आणि तो नगरच्या मातीत तपासून पाहण्याजोगा आहे. २००५ मध्ये ऱ्हिस ग्रीन आणि सहकाऱ्यांनी मांडले की थोड्या जमिनीत जास्तीत जास्त पीक काढावे आणि वाचलेली जमीन निसर्गाला सोडावी. सगळीकडे सौम्य शेती पसरवण्यापेक्षा यात जास्त जाती वाचतील. पुढे घाना आणि उत्तर भारतातल्या पाहण्यांनी याला बळ दिले. दुसरी बाजू म्हणते, शेतातच रानाला जागा ठेवा. घनदाट जंगलाच्या जातींसाठी पहिले म्हणणे मला पटते. हरिश्चंद्रगड-कळसूबाईच्या राईत राहणाऱ्या पाखराला नांगरलेले शेत काही कामाचे नाही. पण माळावर दोन अडचणी येतात. पहिली ही की नगरमध्ये जमीन अडत नाही, पाणी अडते. ठिबकने पाणी वाचले की ते माळाला सोडले जात नाही, त्यातून आणखी एकरभर ऊस किंवा बाग उभी राहते. उत्पन्न वाढले की नांगर मागे येत नाही, पुढेच जातो, कारण नांगर पुढे नेणे आता फायद्याचे झालेले असते. दुसरी अडचण ही की माळढोक, तणमोर, चंडोल यांना सौम्य शेती आणि चराई असलेलेच रान लागते. त्यांच्यासाठी शेत आणि निसर्ग अशी वाटणी मुळातच होत नाही.

स्पेनने हा पेच आपल्याआधी पाहिला. कातालोनियात येयदाच्या कोरड्या मैदानावर सेगारा-गारिगेस नावाचा सिंचनप्रकल्प आला. तिथल्या धान्याच्या आणि पडीक शेतांत लहान जातीचा माळढोक आणि इतर माळपाखरे राहत. युरोपीय न्यायालयाने २००७ मध्ये स्पेनला दोषी ठरवले. त्यानंतर काही भाग सिंचनातून वगळावा लागला, आणि शेतकऱ्यांना पैसे देऊन शेते ठराविक काळ पडीक ठेवण्याची, त्यातले गवत विणीनंतर कापण्याची व्यवस्था झाली. सगळे सुरळीत झाले असे नाही; तिथलाही लहान माळढोक घटतोच आहे. पण पाट आणि पाखरू यांचा हिशेब एकाच टेबलावर मांडला गेला, आणि जमीन कोरडी ठेवणाऱ्याला त्याचा मोबदला मिळाला. कर्जतच्या शेतकऱ्याला आपण एकोणीसशे एकोणऐंशीपासून बंदी दिली, मोबदला कधीच दिला नाही.

मेंढपाळाचेही तेच. जामखेड तालुक्यातले चौंडी हे अहिल्यादेवींचे जन्मगाव. ज्यांच्या नावाने आज हा जिल्हा ओळखला जातो त्या धनगर घरातल्या. धनगरांचे वाडे माळावरून शेतात आणि शेतातून माळावर फिरतात. शेतकरी रानात मेंढ्या बसवून घेतो, लेंडीखत मिळते, त्या बदल्यात धान्य किंवा पैसे देतो. या फिरण्यामुळे माळ एकसारखा वाढत नाही. कुठे आखूड, कुठे उंच राहतो, आणि असाच माळ पाखरांना हवा असतो. उत्तरेतून हिवाळ्याला येणारे भोवत्ये रात्री गवतात जमिनीवरच झोपतात आणि दिवसा नाकतोडे, उंदीर, लहान पाखरे धरतात. त्यांना उंच गवताचा पट्टा लागतो. लांडगाही याच माळाचा. सरकारी कागदात हा माळ बहुधा पडीक म्हणून नोंदलेला असतो, म्हणून त्यावर काहीही आणता येते: ग्लिरिसिडियाची लागवड, औद्योगिक वसाहत, पवनचक्क्या, आणि आता सौर पॅनेल. राज्याची सौर कृषी वाहिनी योजना शेतकऱ्याला दिवसा वीज देण्यासाठी आहे. रात्री उसात बिबट्याच्या भीतीने पाणी भरणाऱ्याला दिवसा वीज मिळावी, ही मागणी न्याय्य आहे. पण ते पॅनेल गायरानावर बसले तर चराई जाते, माळ जातो आणि पाखरे जातात. कारखान्यांच्या छपरांवर, कालव्यांच्या बाजूने, खारवट आणि पाणथळ झालेल्या जमिनींवर आधी पाहावे, आणि गायरानाचा नंबर सर्वांत शेवटी लावावा. उसाच्या पट्ट्यात जादा पाण्याने बिघडलेली जमीन काही थोडी नाही.

पाणपाखरांचे प्रश्न वेगळे आहेत. जायकवाडीच्या जलाशयाला १९८६ मध्ये पक्षी अभयारण्य केले. त्याचे पाणी नेवासा-शेवगावच्या शिवारापर्यंत पसरते. पाणी उतरले की उघड्या पडलेल्या गाळावर धरणग्रस्त आणि भूमिहीन गाळपेर करतात, आणि त्याच चिखलात बदके, पट्टकादंब, रोहित चरतात. ज्याची जमीन धरणात बुडाली त्याला गाळपेर नाकारणे कठीण आहे. या पेचावर पुढे स्वतंत्र लेख आहे, म्हणून इथे त्यात शिरत नाही. पण एक दिलासा नोंदवावा. गोदेवर वरच्या अंगाला असलेले नांदूर मधमेश्वर, जे मुळात कालव्यांसाठी बांधलेला बंधारा आहे, २०२० मध्ये महाराष्ट्रातले पहिले रामसर क्षेत्र, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, म्हणून जाहीर झाले. शेतीसाठी केलेले बांधकाम नेहमीच पाखरांच्या मुळावर येते असे नाही.

जिल्ह्यात आशेच्या जागा आहेत, पण त्या नीट वाचाव्या लागतात. रेहेकुरीला १९८० मध्ये जेमतेम २.१७ चौरस किलोमीटरचे काळवीट अभयारण्य झाले. काळवीट वाढले, आणि आता ते आजूबाजूच्या शेतांत उतरतात; कुंपण काळविटाला माहीत नसते. शेजारच्या शेतकऱ्याच्या नुकसानीची भरपाई वेळेवर पोचणे हे त्या अभयारण्याचे सर्वांत महत्त्वाचे काम आहे, असे मी मानतो. हिवरे बाजारने चराईबंदी आणि कुऱ्हाडबंदी पाळली, सिंचनासाठी बोअर बंद केले, पाण्याचा ताळेबंद मांडून पिके ठरवली आणि उसाला नाही म्हटले. तिथे गवत जनावरे सोडून न चारता कापून नेतात. जमिनीवर वीण करणाऱ्या पाखरांच्या दृष्टीने कापणीची वेळ ही कळीची गोष्ट आहे. पावसाळी वीण आटोपल्यावर, ऑक्टोबरात विळा लागला तर पिले उडालेली असतात. ऑगस्टात लागला तर अंडी चिरडली जातात. शिवाय झाडे लावण्याच्या उत्साहात उघडा माळ पूर्ण झाकला जाऊ नये. पाणलोटाच्या कामात गवताला झाडाइतकाच मान हवा. अकोले तालुक्यातल्या कोंभाळण्यात राहीबाई पोपेरे यांनी गावठी बियाणे जपले. २०२० च्या पद्मश्रीने ते काम देशाला माहीत झाले. एका परसात अनेक पिके, वेगवेगळ्या वेळी फुलणारी आणि पिकणारी, म्हणजे वर्षभर किडा, फूल आणि दाणा.

काय करता येईल याच्या याद्या पुढच्या लेखांत आहेत. माझ्या मनात सर्वांत वर असलेली कामे एवढीच: रब्बी ज्वारी हमीभावाने प्रत्यक्ष खरेदी व्हावी आणि ती रेशनवर नगरच्याच लोकांना मिळावी. जे रान जाणूनबुजून जिरायत ठेवले जाते, त्याला एकरी ठराविक रक्कम दरसाल मिळावी, आणि ती देताना पाटाच्या आवर्तनाचे नियोजन करणारे खाते आणि वनखाते एकत्र बसावे. जेसीबी लावून कोरले गेलेले बांध पुन्हा तीन-चार फूट रुंद करणाऱ्याला रोजगार हमीतून मजुरी मिळावी. २००२ च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक गावाला लोकजैवविविधता नोंदवही ठेवायला सांगितली आहे. पुष्कळ ठिकाणी ती कपाटात पडून आहे. गायरानाचा एखादा गट नंबर दुसऱ्या कामाला देण्याआधी त्या वहीत तिथल्या जमिनीवर वीण करणाऱ्या पाखरांची, चराईची आणि गवताच्या जातींची नोंद झालेली असावी, आणि ती करायला गावातला मेंढपाळ आणि पारधी बोलावलेला असावा. हे सगळे सुरू करण्यासाठी कर्जत, जामखेड, पाथर्डी आणि पारनेरच्या कोरड्या बाजूची दहा-पंधरा गावे पुरतील. येत्या पावसाळ्याआधी, मे महिन्याच्या ग्रामसभेत, त्यांच्यापुढे हा विषय ठेवता येईल.